दगड उचललेली जागा

ये, अशी जवळ सरक. कागद पुढ्यात धरलास म्हणजे मी शेजारी बसलेय असंच समज. आखाजीच्या सणाला येते म्हणालीस. तुझ्या बापाला मी झोका बांधायला लावला, सांजोऱ्या तळल्या, आणि तू फोनवर सांगतेस, ड्यूटी लागली. त्या जळगावच्या कारखान्यात एक दिवस ठिबकचे चार पाइप कमी निघाले असते तर काय कुणाची केळी वाळणार होती? बरं, रागावत नाही. रागावले तरी तू हसतेसच. पण जे तोंडानं सांगायचं होतं ते आता लिहावं लागतंय, आणि माझं लिहिणं तुला ठाऊक आहे. तुझ्या बापाच्या फाटक्या पुस्तकांवरून शिकलेलं, काना एकीकडे नि मात्रा दुसरीकडे. समजून घे.

नाल्याकडचं आपलं शेत तू पाहिलंयस. आता तिथं तूर उभी असते, आणि कागदावर तुझ्या आज्याचं नि माझं, दोघांचं नाव आहे. पण मी लग्न होऊन आले तेव्हा ते शेत नव्हतंच. म्हणजे होतं. आम्ही पेरत होतो, खात होतो, पण कुणी विचारलं तर नव्हतं. जंगलातली अशी साफ केलेली जमीन, तिला नवाड म्हणायचे. सरकारच्या दप्तरी सातपुड्याचा तो सगळा पायथा फॉरेस्टचा, आणि आमच्या पोटात तिथलीच ज्वारी.

खालच्या वळणावर फॉरेस्टच्या गाडीचा धुरळा दिसला की माझी सासू भाकरी तव्यावर तशीच टाकून उठायची. चुलीचे दगड तीन दिशांना फेकायचे, राख पाल्याखाली सारायची. बांधाचे दगड ओळीत दिसता कामा नयेत, म्हणून ते लाथेनं विस्कटायचे. खोपीची लाकडं झुडपात. शेवटी पळसाची फांदी घेऊन सासू उलटी उलटी चालत यायची, आमच्या पायांच्या खुणा झाडत. तिच्याइतक्या सफाईनं ते कुणालाच जमत नसे. गार्ड येत, उभं पीक तुडवत, पण ते कुणाचं हे त्यांना कळत नसे. माणूस सापडला नाही तर केस कुणावर करणार? आम्ही वरच्या कड्याआड श्वास धरून बसायचो.

त्याच दिवसांत तुझी आत्या झाली. तुला कुणी सांगितलं नसेल. तुझ्या बापाच्या आधीची ती. थंडीत तापानं फणफणली, दवाखाना डोंगराखाली लांब, आणि गेली. नाव ठेवायचं राहिलंच होतं. शेताच्या कडेला, नाल्याच्या काठावर तिला पुरलं. कोल्ह्यांनी उकरू नये म्हणून तुझ्या आज्यानं दगड निवडून निवडून आणले आणि वर रचले.

फॉरेस्टची पुढची गाडी आली तेव्हा सासूनं सगळं आवरलं आणि त्या ढिगाकडे बघत उभी राहिली.

"ते बी उचल," मला म्हणाली. "ढीग दखायना तं त्यासले समजी जाई, आठे मानसं ऱ्हातस."

मी हलले नाही. मग तुझ्या आज्यानं ते दगड उचलले, नाल्यात टाकले. सासूनं फांदी फिरवली. रडत होती ती फिरवताना, पण हात थांबला नाही तिचा. बघता बघता तिथं नुसती माती उरली, इकडच्या तिकडच्या मातीसारखीच.

गाडी गेल्यावर पुन्हा रचू म्हटलं. पण गाडी पुन्हा यायचीच. रचू, रचू करत ते राहिलं.

तेव्हापासून मी त्या कडेला गेले की माझी छाती दाटायची. तुझा बाप झाला, पाजला, अंगावरून तोडला, दूध पार आटलं, तरी भर दुपारी निंदताना तिथं आले की पोलकं ओलं झाल्यासारखं वाटायचं. हात लावून बघावं तर कोरडं. वारा नाही, पाखरू नाही, आणि मला मात्र कुणीतरी भुकेलं आहे असं कळायचं. तुझा आजा सांगतो, बैलही तिथं वळताना अडायचा. बैलाचं मी धरत नाही, तो मुळातच आळशी होता. माझं खरं. डोळे मिटून चालले असते तरी ती जागा मला सापडली असती.

मग वनहक्काचा कायदा आला. गावात सभा भरली. जे आधीपासून कसत आलेत त्यांना जमीन मिळणार, फक्त पुरावा दाखवायचा. गावच्या वनहक्क समितीतल्या शिकल्यासवरल्या माणसानं वाचून दाखवलं: घराचा जुना पाया, बांध, विहीर, पूर्वजांची थडगी. मग आपल्या शेजारचे म्हातारे आबा ओरडले, "जलमभर खुना पुस्यात, आते सरकार म्हनस, खुना दखाडा! मन्ही बायको बी इतलं उलटं बोलत नही!" सगळे हसले. त्यांची बायकोही हसली. हसणं थांबलं तेव्हा मला सासूची फांदी ऐकू आली, मातीवरून सर्र सर्र. सासू तर जाऊन किती वर्षं झाली होती.

पडताळणीला फॉरेस्टचे एक साहेब आले, हातात मोजणीचं यंत्र, सोबत तलाठी बाई. ऊन मी म्हणत होतं. आबांनी साक्ष दिली, ह्यांना मी पहिल्यापासून इथंच बघतोय.

साहेब म्हणाले, "आबा, तुमचं लिहितो मी. पण जमिनीवर काय आहे? चूल नाही, पाया नाही, बांध नाही. वर मला विचारतील ना."

"चूल तुमनाच धाकमा मोडी साहेब!" आबा तडकले.

मी म्हटलं, "माझी पोर आहे इथं."

साहेबांनी इकडंतिकडं बघितलं. "कुठं?"

"खाली."

त्यांनी टोपी काढली. वाईट माणूस नव्हता तो, खोटं कशाला बोलू. म्हणाले, "दगड वगैरे?"

"काढले."

"मग बाई, हातभर खणून बघता येईल. काही निघालं तर फोटो काढतो. मग कुणी नाही म्हणू शकणार नाही."

सगळे माझ्याकडं बघायला लागले, आणि मग माझ्याकडं बघायचं टाळायला लागले. तुझा आजा गेला आणि आबांच्या खोपीतून कुदळ घेऊन आला. त्याचं तोंड बघवत नव्हतं. माझ्या कानाशी वाकून म्हणाला, "पोरांना काय देणार आपण? एकदाच. परत नीट झाकू. दगडबी रचू, आता कोण इचारतंय."

त्याचं चूक नव्हतं. ती जमीन गेली असती तर तुझा बाप आज दुसऱ्याच्या केळीत घड वाहत असता. मला सगळं कळत होतं. पण छाती अशी दाटून आली की उभं राहवेना. मी त्या जागेवर खाली बसले.

"ऊठ," तो म्हणाला.

"एकदा झाडून टाकली तिला. आता उकरून दाखवायची?"

"ऊठ ना गं."

"मला खणा आधी."

कुदळ त्यानं जमिनीवर ठेवली. तलाठी बाई माझ्यासमोर उकिडव्या बसल्या आणि म्हणाल्या, "मावशी, तुम्ही सांगा, मी लिहून घेते." मी सांगितलं. ताप, थंडी, दगड, फांदी, सगळं. साहेबांनी फोटो काढला तो माझाच, मातीवर बसलेलीचा. पुरावा म्हणून तोच लागला असेल.

जमीन मिळाली, पोरी. कागद हातात आला त्या दिवशी माझं नाव मी बोट ठेवून वाचलं. मग तुझ्या बापानं नकाशा वाचला आणि एका कडेवर बोट ठेवलं. नाल्याकाठची पट्टी वगळली होती. तिथं मशागतीची खूण नाही, असं लिहिलं होतं. कशी असेल? तिच्या अंगावरून आम्ही नांगर कधी घातलाच नाही. नांगर घातला नाही म्हणून ती सरकारची राहिली.

अर्ज केला, तालुक्याला खेटे घातले. बघू म्हणतात. अजून बघतच आहेत. आणि मी मोतीबिंदूला तुझ्याकडं जळगावला राहिले ना, तेव्हाच इथं झाडं लावायला म्हणून फॉरेस्टचं मशीन आलं. नाल्याकाठी लांबच लांब चर खोदले. मी नवे डोळे घेऊन परत आले आणि काठ ओळखूच येईना. वरची माती खाली, खालची वर.

तेव्हापासून रोज दुपारी जाते. उभी राहते, पुढं सरकते, मागं येते. छातीला काही होत नाही. आधी ते नको नको व्हायचं, आता त्याचीच वाट बघते. ती मशीनखाली आली, की मीच आटले, कुणाला विचारू?

तुझा आजा म्हणतो ती अंजनाच्या झाडाखाली होती. मी म्हणते नाल्याच्या वळणाला. काल ह्यावरून इतकं भांडलो की त्यानं रात्री भाकरी माझ्या हातची खाल्ली नाही, स्वतः थापली, आणि करपवली. दोघांपैकी एकाचं खरं असणार, किंवा दोघांचंही नसेल. पण आम्ही दोघं गेलो की भांडायलाही कुणी उरणार नाही. म्हणून ड्यूटीचं काय ते सांग त्यांना, सुट्टी काढ आणि लवकर ये. दिवसाउजेडी पोचशील अशी गाडी धर. मला आणि तुझ्या आज्याला समोरासमोर उभं करून विचार, आणि काठानं चालून तुला कुठं काही वाटतं तेही बघ.