टीव्हीचं सुतक

डिचोलीच्या आमच्या वाड्यावर पहिला टीव्ही आमच्याकडे आला आणि माझं डोकं फिरलं. आमचं वेगळं राज्य व्हायच्या आधीची ती वर्षं. भिंतीभिंतींवर भाषेच्या घोषणा. माझं वय तीस, अक्कल दहाची.

एका संध्याकाळी बातम्यांत दाखवलं, उत्तरेत कुठे रेल्वे नदीत पडली. बातम्या देणारी बाई मान खाली घालायची, की आमच्या सालात, म्हणजे पुढच्या बैठकीच्या खोलीत, बसलेला सगळा वाडा मान खाली घालायचा. मी तर डोक्यावर पदर घेऊन बसलेले, जणू ती आतून मला बघत होती.

दुसऱ्या दिवशी मी जाहीर केलं, आज चूल पेटणार नाही. आमच्याकडे मयताच्या घरीच चूल बंद असते. पेज शेजारी नेऊन देतात.

सासू म्हणाली, "गो, तुजे कोण गेले थंय?"

"आपलेच ना, आई! देश म्हणजे घरच."

"मगे पेज कोण हाडटलो? दिल्लीवाले घेवन येतले?"

पण टीव्ही माझा, म्हणून शब्दही माझा. आजूबाजूच्या घरांनीही चुली विझवल्या. दारावर पाव विकायला येणाऱ्या पोदेराचे पाव केळ्यांबरोबर खात आम्ही देशाचं दुःख केलं.

संध्याकाळी ऐन बातम्यांत एक शेजारीण धावत आली. "खाणीत माती कोसळली गो! आपल्या मागच्या खोलीतला भाडेकरू, तो बेळगावकडचा, गेला!"

"शू! दाखवतायत अजून," मी म्हटलं.

बातम्या संपल्यावर वाईट वाटलं, नाही असं नाही. पण त्याच्या बायकोकडे पेज न्यायची कोणी? वाड्यावर विस्तवच नव्हता. ती आणि तिची चार वर्षांची मुलगी त्या रात्री उपाशी निजल्या. आणि मी? नदीतल्या माणसांसाठी रडून दमले होते, लगेच झोपले.

सकाळी पेजेचं भांडं घेऊन गेले. मुलगी उभ्याउभ्याच प्यायला लागली. मी शब्द जुळवत होते, तेवढ्यात त्या बाईनेच माझा हात धरला. रडून तिचा आवाज बसला होता.

"अक्का, काल तुमच्यातबी चूल पेटली नाही. धूर दिसला नाही, म्हणून मी पोरीला म्हटलं, मागायला जाऊ नको. कोण गेलं वो तुमचं?"

खरं सांगायची हिंमत झाली नाही. म्हटलं, "लांबचे होते."

"लांबचे असले तरी आपलेच की," ती म्हणाली, आणि माझी पाठ थोपटत राहिली.