काकीला हवा होता एक शब्द

मराठी भाषेशी आमच्या शेजारच्या काकीइतकी झुंजलेली बाई अख्ख्या जुन्नर तालुक्यात झाली नसेल. शाळेची पायरी ती कधी चढली नव्हती. पण नवऱ्याचं आणि सासरच्या वडीलधाऱ्यांचं नाव तोंडाने घ्यायचं नाही, घेतलं तर त्या माणसाचं आयुष्य घटतं, हा नेम ती इतका कडक पाळायची, की त्या नावाशी जुळणारा रोजचा शब्दही तिला वर्ज्य होता. त्यात पिंपळवंडीच्या त्या घरात एकाचंही नाव तिच्या सोयीचं नव्हतं. सासरे दगडू, चुलत सासरे चांगदेव, थोरले दीर केरू, त्यांच्या खालचे शिवराम. त्यामुळे एखादी गोष्ट चांगली असली तरी काकीच्या तोंडी ती ‘ब्येस’. घरातून दिसणाऱ्या शिवनेरीला ती ‘वरचा किल्ला’ म्हणायची. शिंप्याला ‘पोलकं शिवून द्या’ म्हणायची सोय नाही, म्हणून ‘पोलक्याला टाकं घाला’ म्हणायची, आणि तो बिचारा नव्या कापडात फाटलेली जागा शोधत बसायचा.

नव्वदच्या दशकात मी नारायणगावला कॉलेजात जात होतो. शब्द पुरवायचं काम माझ्याकडे आलं. “लेकरा, मामंजींच्या नावाला दुसरा शब्द काढ की तुझ्या पुस्तकातनं.” मी गमतीने ‘पाषाण’ दिला. दुसऱ्याच दिवशी भर बाजारात, डाळीचा पुडा शेटजींच्या पुढ्यात आपटून काकी गरजली, “शेट, तुमच्या डाळीत लई पाषाण निघत्यात!” शेटजींनी घाबरून हातच जोडले. मीही हबकलो. ‘केर’ला मात्र शब्द मिळेना. मी ‘कचरा’ सुचवला, तर म्हणाली, “कचरा रस्त्यावला. ह्यो घरातला. एक कसा व्हईल?”

पण सगळ्यात अवघड नाव खुद्द काकांचं होतं. वाघू. आमच्याकडे तेव्हा बिबट्यालाही सगळे वाघच म्हणायचे, आणि त्या वर्षी उसात त्याचे ठसे दिसू लागले होते. घरोघर तोच विषय. काकी तेवढी मुकी. शेवटी ती माझ्याकडे आली. “ह्यांच्या नावाच्या जनावराला काय म्हणू रं?”

इथे मला कबुली द्यायची आहे. मला शब्द येत होता. ‘शार्दूल’. पण तिला अडचणीत बघायची मला चटक लागली होती. एकदा तरी तिच्या तोंडून काकांचं नाव निसटावं, अशी माझी पैज होती, स्वतःशीच. मी पुस्तक चाळल्यासारखं केलं आणि म्हणालो, “न्हाई काकी. त्याला दुसरा शब्दच न्हाई.”

पंधरा दिवसांनी, दुपारी, मी उसाला पाणी देऊन बांधावर भाकरी खात बसलो होतो. समोरच्या गोठ्यापाशी काकी हातवारे करत ओरडायला लागली.

“ऊठ रं! त्यो आला! ठिपक्याठिपक्याचा!”

“कोण गं?”

“त्यो! मांजरीचा बाप! पळ!”

मला वाटलं, आज सापडली. मी हसत ओरडलो, “नाव घे, मग उठतो!”

तिने पदर तोंडाशी नेला. मग फुटलीच. “वाघ! वाघ आला रं, वाघ!”

माझ्यामागे, पाच हातांवर, ऊस सळसळला. वळून पाहिलं तेव्हा ठिपक्यांची शेपटी आत जात होती. पण खरं सांगतो, त्या जनावरामुळे बसला त्याहून मोठा धक्का मला काकीकडे पाहून बसला. तोंडावर दोन्ही हात दाबून ती जमिनीवर बसली होती आणि डोळे काकांच्या वाटेकडे लावले होते, जणू ते आत्ताच कोसळणार होते.

काका मात्र चावडीवर सांगत फिरले, “तीस वर्सं वाट बघितली राव, आन् पयल्यांदा नाव घेतलं ते बी जनावराला बघून!” काकीने सोमवार धरले. दोन वर्षांनी काका दम्याने गेले. डॉक्टर म्हणाले, दुखणं जुनं होतं. काकीने सोमवार सोडले, आणि तेच मला सोसेना.

पुढे वनखात्याचा पिंजरा आला. गार्ड सूचना देत होता, “बिबट्या दिसला तर...” काकी पुढे सरकली. “काय म्हनला पावणं? परत म्हना.” घरी येईपर्यंत ती तो शब्द तोंडात घोळवत होती. मग माझ्याकडे वळली. “तुझ्या पुस्तकात नव्हता व्हय रं ह्यो?”

मी मान खाली घातली. मान वर करायला मला आणखी सहा वर्षं लागली. ती ओट्यावर तांदूळ निवडत होती. नजर अधू झाली होती, खडे बोटांनीच चाचपत होती. मी सगळं सांगून टाकलं: शब्द, पैज, सगळं.

तिने सूप खाली ठेवलं. मग ती म्हणाली, “तुझा शब्द आसता तरी काय व्हणार व्हतं? त्या येळी तोंडात ह्यांच्या नावाचाच आला आसता. तीस वर्सं त्योच तर दातांखाली धरून ठेवला व्हता.”

तिने माझा हात ओढला आणि तांदळातून निघालेला एक खडा तळव्यावर ठेवला.

“पाषाण,” ती म्हणाली. “टाक तिकडं लांब.”