बाजारात तपासलेले संवाद

मंगळवारी मावसा लातूरच्या दवाखान्यात वारले. संध्याकाळी मावशीचा डबा मुखेडला परत आला.

दुसऱ्याच्या तोंडी काय शोभेल याची इतकी काळजी करणारा माणूस मराठवाड्यात दुसरा झाला नसेल. मावसा, म्हणजे मावशीचे यजमान, शाळेत मास्तर होते. लातूरच्या फिल्म क्लबात त्यांनी एक ग्रीक चित्रपट पाहिला. भाषा ओ की ठो कळली नाही, पण "आपल्यासारखीच माणसं हायत, कामापुरतं बोलतात," असं म्हणत परतले आणि पटकथा लिहू लागले. लिहिलेला प्रत्येक संवाद ते आठवडी बाजारात तपासून घेत. मिरच्यावालीला गंभीर चेहऱ्यानं सांगत, "ते घर आता माझं राहिलं नाही." ती म्हणे, "मग मिरच्या कुनासाठी घेऊन राहिलाव?" की संवाद बाद.

त्यांची एकच पटकथा पडद्यापर्यंत पोहोचणार होती, तीही शेवटच्या प्रसंगावर अडली. नवरा कायमचं गाव सोडतो, बायको स्टँडवर निरोप देते. दिग्दर्शकाला तिचं पानभर रडणं हवं होतं. नाहीतर दुसऱ्याकडून लिहून घेतो, असं त्यानं बजावलं. मावसांना तिचं एकच वाक्य हवं होतं आणि तेच सापडेना. तोवर नवऱ्याचं वाक्य तरी पक्कं करावं म्हणून ते स्टँडवरच्या चहावाल्याला म्हणाले, "चाललो मी. आता परत येणं न्हाई."

"कामून वो मास्तर? कुनी काही बोललं का?"

वाक्य खपलं या आनंदात मावसांनी ते तिथंच वहीत उतरवून घेतलं. चहावाल्यानं बाजारभर बातमी केली. बघता बघता शाल आली, नारळ आला, कुणी भोकरच्या एसटीत रुमाल टाकून खिडकीची जागा धरली. आता खरं सांगायची लाज वाटून मावसा गळ्यात हार घेऊन गाडीत चढले. मावशी धावत आली. तिनं गर्दी पाहिली, हार पाहिला, नवऱ्याचा चेहरा पाहिला आणि खिडकीतून भाकरीचा डबा आत दिला.

"डबा परत आणा," ती म्हणाली. "दुसरा न्हाई घरात."

मावसांनी भोकरला भाकरी खाल्ली आणि पुढच्या गाडीनं परतले. दिग्दर्शकानं मावशीचं ते वाक्य फोनवर ऐकलं आणि पुन्हा रडण्याचं नाव काढलं नाही. नांदेडच्या थिएटरात शेवट आला तेव्हा पुढचा म्हातारा डोळे पुसू लागला. मावसा कुजबुजले, "बघ, तुझं वाक्य."

"माझा डबा," मावशी म्हणाली.

मावसांना दवाखान्यासाठी लातूरला नेताना तिनं गाडीच्या दारात डबा देऊन तेच म्हटलं. मावसा हसले. "पाठ हाय मला," म्हणाले.

डबा मावशीच्या फडताळात आहे. ती त्यात काही भरत नाही.