कापूर कोणी लावला

हे सांगायचं मी बरीच वर्षं टाळलं. विषय निघाला की चहा टाकायच्या निमित्ताने उठायचो. आता गुडघे उठू देत नाहीत, तेव्हा बसून लिहून टाकतो.

इकडे परदेशात, कनाटा नावाच्या उपनगरात, आमच्या शेजारी एक निवृत्त स्वीडिश इंजिनिअर राहतो. आम्ही दोघं एकाच टेलिकॉम कंपनीत होतो. २०१५च्या सुमाराला, एका हिवाळ्यात, त्याने मला त्याच्या देशातल्या एका विनोदी मालिकेच्या डीव्हीडी आणून दिल्या. मालिकेतला माणूस लाजाळू आणि कमालीचा वेंधळा. कोणाला खुर्ची द्यायला जायचा आणि खुर्चीसकट स्वतःच आडवा व्हायचा. दर शुक्रवारी संध्याकाळी आमच्या बेसमेंटमध्ये आम्ही पाच-सहा मराठी म्हातारे आणि तो शेजारी जमायचो. स्वीडिश कोणाला येत नव्हतं, पण पडलेला माणूस कळायला भाषा कशाला लागते? चिवडा खात आम्ही डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसायचो.

आमच्यात एक उंच, अबोल गृहस्थ होते. ग्वेल्फला शेतीसंशोधनात आयुष्य काढलेले, बायको गेल्यावर लेकीजवळ राहायला इकडे आलेले. बेसमेंटची तुळई त्यांच्या कपाळाला दर शुक्रवारी लागायची. कप सांडायचा, चष्मा चिवड्यात पडायचा. त्यांना ‘आपला स्वीडिश’ हे नाव मीच दिलं. ते कसनुसे हसायचे. एकदा मालिका बघता बघता ते हळूच म्हणाले, “सगळे आपल्याकडेच बघतायत हे त्याला कळतं हो. म्हणून तर हातातलं पडतं.”

त्यावरही आम्ही हसलो.

पुढच्या गणपतीला मंडळाचा अध्यक्ष मी होतो. उत्सव शाळेच्या हॉलमध्ये. आत ज्योत पेटवायची नाही, असं शाळेने बजावलं होतं, म्हणून आरतीच्या ताटात बॅटरीवरचे दिवे होते. मला ते काही पटेना. कापराशिवाय कसली आरती? पुण्याहून आणलेली डबी माझ्या खिशात होती. ‘घालीन लोटांगण’ सुरू झालं तसा मी गर्दीकडे पाठ करून ताटात दोन वड्या ठेवल्या आणि काडी ओढली. तेवढ्यात उपरणं खांद्यावरून घसरलं. शेजारी तेच उभे होते. “जरा धरता का?” म्हणून मी ताट त्यांच्या हातात दिलं.

अलार्म वाजला. ते दचकले आणि ताट खाली पडलं. नऊवारीतल्या बायका, झब्ब्यातली पोरं, सगळे भर पावसात पार्किंग लॉटमध्ये. फायर ट्रक आला. कोणीतरी म्हणालं, “दुसरं कोण असणार? आपला स्वीडिश.” सगळे हसले. त्यांनी मात्र माझ्याकडे पाहिलं. मी फायर ट्रककडे पाहत राहिलो.

शाळेने मंडळाला कडक समज दिली. कमिटीने त्यांना अगदी गोड शब्दांत सांगितलं की यापुढे तुम्ही नुसते बसा, कामाला हात लावू नका. त्या बैठकीला मी हजर होतो. पुढच्या शुक्रवारी ते आले नाहीत. त्यानंतरही नाहीत. मंडळात तर नाहीच.

जवळजवळ दोन वर्षांनी शेजाऱ्याने मला विचारलं, तो उंच माणूस कुठे असतो? म्हणाला, मालिका खरी समजली होती ती त्या एकट्याला. दुसऱ्या दिवशी मी त्यांच्याकडे गेलो. माफी मागायचीच, असं गाडीत घोकत होतो. पोचलो तर ते ड्राइव्हवेवर बर्फ शोव्हल करत होते. फावडं पायात अडकलं आणि ते सपशेल ढिगाऱ्यात गेले. मी धावलो. तेवढ्यात खिडकीतून त्यांची नात ओरडली, “अगेन, आजोबा!” ते उठले, टोपी झटकली, आणि पुन्हा तस्सेच पडले. मग मला म्हणाले, “आता ठरवून पडतो. बरं असतं. या, चहा घेऊ.” आत टीव्हीजवळ त्याच मालिकेच्या डीव्हीडी होत्या, त्यांनी स्वतः मागवलेल्या.

चहा झाला. गप्पा झाल्या. माफी तेवढी राहिली.

निदान कमिटीला तरी सांगावं म्हणून मी बैठकीत उभा राहिलो आणि म्हणालो, कापूर मी लावला होता. तिथली तरुण मंडळी एकमेकांकडे बघून हसली. अध्यक्षीणबाई म्हणाल्या, “काका, तुम्ही त्यांना सांभाळून घेताय. किती मोठं मन तुमचं.” खरं सांगूनही शाबासकी मिळाली. मी खाली बसलो, हे त्याहून वाईट.

पण त्या वर्षी मी त्यांना हट्टाने गणपतीला आणलं. आरतीचं ताट सगळ्यांदेखत त्यांच्या हातात दिलं. बॅटरीचे दिवे लुकलुकत होते. हॉलमध्ये जरा कुजबुज झाली. त्यांनी डोळे मिटले आणि ताट शेवटच्या कडव्यापर्यंत संथ ओवाळलं. काही पडलं नाही. मी त्यांच्या कानाशी वाकून म्हणालो, “त्या वर्षी...” त्यांनी डोळे न उघडता म्हटलं, “आरती चाललीय.” प्रसाद वाटायलाही तेच उभे राहिले. एक लाडू निसटला, तर ते स्वतःच आधी हसले.

शुक्रवार पुन्हा सुरू झाले. तुळईला मी स्पंज बांधला.

आता लेकीच्या नोकरीमुळे ते तिकडे फ्रेंच मुलखात, ब्रॉसार्डला असतात. दर शुक्रवारी फोन होतो. तिथल्या लायब्ररीत मुलांसमोर ते पडून दाखवतात म्हणे, आणि मुलं फ्रेंचमध्ये खिदळतात. ऐकून बरं वाटतं. मग फोन ठेवायची वेळ होते, मी “अहो, एक सांगायचं होतं,” म्हणतो, ते “बोला ना” म्हणतात, आणि मी ब्रॉसार्डला बर्फ किती पडलं ते विचारतो.

सांगायचं होतं ते एवढंच: कापूर मी लावला होता, आणि तुम्ही माझ्याकडे पाहिलंत तेव्हा मी तोंड फिरवलं. मला माफ करा.