पोटातली नळी आणि उजवा प्रसाद

बाबांची उजवी बाजू अर्धांगाने गेली, वाचा गेली आणि घशाखाली घास उतरेना, तेव्हा पणजीकडच्या इस्पितळात त्यांच्या पोटाला भोक पाडून थेट जठरात नळी बसवली. डॉक्टरांनी बजावलं होतं, पातळ, गाळलेलंच घाला, मागून कोमट पाणी सोडा, आणि नळी निसटली तर तसेच इकडे धावा, कारण भोक काही तासांतच मिटायला लागतं. हे कळायला फार शिकलेलं असावं लागत नाही, कान उघडे असले तरी पुरतं. आमच्याकडे तेवढेच नव्हते.

सर्वण गावातल्या घरी आलो त्या दिवसापासून आत्याचं एकच पालुपद, "माझ्या भावाक पेजेशिवाय मारतत." ती परस्पर देवळात जाऊन देवीला प्रसाद लावून आली. मूर्तीवर चिकटवलेल्या पाकळ्यांतली उजवी पडली, म्हणजे पेजेला देवीची परवानगी. मी नाही म्हटलं तर माझ्यावरच उखडली. "देवीन उजवो प्रसाद दिल्यान. आता तू कोण गो नाय म्हणणारी?" पेज कुठून घालायची, हे मात्र देवीला कुणी विचारलंच नव्हतं.

मी न्हाणीत गेले तेवढ्यात तिने उकड्या तांदळाची पेज, शितांसकट, नळीत ओतली. नळी चोंदली. मी कोमट पाणी हलक्या हाताने आत सोडून बघत होते, तर धाकटे काका पुढे सरसावले. जन्मभर खाणीवर ट्रक चालवलेले ते. "सर गो. डिझेलची लायन अशीच चोंदता." त्यांनी नळीला पीळ दिला, हिसका मारला आणि अख्खी नळी त्यांच्या हातात आली. बाबा कळवळले. काका नळीकडे असे बघत राहिले, जणू मालच खराब निघाला.

माझं डोकं फिरलं. भोक मिटलं तर पुन्हा चिरफाड, आणि ती बाबांना सोसेल असं कुणी सांगायला तयार नव्हतं. रुग्णवाहिका डिचोलीच्या रस्त्यावर खनिजाच्या ट्रकांमागे अडकली, आणि काका ड्रायव्हरला ओव्हरटेक शिकवत बसले. मी त्यांना तोंड बंद ठेवायला सांगितलं. वडीलधाऱ्यांशी असं बोलू नये, हे त्यांनी मला तिथेच ऐकवलं. इस्पितळात त्याच भोकातून नवी नळी जेमतेम आत गेली.

घरी परतलो तर आत्या देवीची ओटी भरायला निघालेली. प्रसादाने भाऊ वाचला, हे तिने वाडाभर सांगूनही झालं होतं. मला तिची किळस आली.

पुढे ती रोज यायची. अंगणात तिचा आवाज आला की बाबा धड असलेला डावा हात हळूहळू पोटावर आणायचे आणि नळी मुठीत घट्ट धरायचे. ती जाईपर्यंत सोडायचे नाहीत.

आत्या पदराने डोळे पुसत मला म्हणायची, "बघ गो, माका बघून पोटार हात ठेवता. भूक लागली आसा त्याका."