हळदीची मूळ टेप

बलभीमच्या नादाला सगळं उमरगा हसायचं. बाकीचे व्हिडिओवाले गिऱ्हाइकाला कॅसेट दिली की मूळ टेप पुसून पुढच्या लग्नाला वापरत. हा पठ्ठ्या मात्र प्रत्येक टेपवर गाव, तारीख, नवरा-नवरीचं नाव लिहून ती कपाटात ठेवायचा. बायको म्हणायची, घरात साड्यांना जागा नाही आणि हे लोकांच्या वराती सांभाळतायत.

त्र्याण्णव सालच्या भूकंपाला तीस वर्षं उलटल्यावर पुण्याहून वैष्णवी नावाची दिग्दर्शिका आली. भूकंपात जमीनदोस्त झालेल्या गावांवर ती माहितीपट करत होती. त्यातल्याच एका गावच्या सिताबाईच्या लग्नाची, बलभीमनं शूट केलेली कॅसेट तिनं पाहिली होती. हळदीला बायका गाताना दिसत, पण ऐकू यायचं सिनेमातलं गाणं. तेव्हा रीतच तशी होती. सिनेमाची गाणी जितकी जास्त, तितकी कॅसेट भारी. त्या बायकांत पुढं बसून गाणारी सिताबाईची आई इरम्मा वर्षभरातच भूकंपात गेली. आईचं तोंड लेक कॅसेटमध्ये बघायची. आवाज मात्र त्यानंतर तिच्या कानावर पडला नव्हता.

तो आवाज आपणच बुजवला, हे कळल्यावर बलभीमला मेल्याहून मेल्यासारखं झालं. कपाटात मूळ टेप सापडली, पण तिला बुरशी धरली होती. चार दिवस तो मऊ फडक्यानं फीत वीत-वीत पुसत बसला. मग जुन्या व्हीसीआरवर लावली, तर पडद्यावर नुसत्या पांढऱ्या रेघा. वैष्णवी हिरमुसली.

"चित्र त्या कॅसेटवर हाय की," बलभीम म्हणाला. "आपल्याला हितनं आवाज घ्यायचाय. सिताबाईला बोलवा."

सिताबाई आली, स्पीकरला कान लावून बसली. आधी भांड्यांचा खडखडाट, मग इरम्माचा खणखणीत आवाज. ती एक ओळ म्हणायची, बायका मागून म्हणायच्या. मधेच गाणं थांबलं आणि इरम्मा कडाडली, "ए बलभीम, बाजूला सर की. माझ्या लेकीचं तोंड दिसंना."

सिताबाई हसता हसता रडायला लागली. "दादा, आई अशीच वरडायची," एवढंच ती म्हणाली.

जुन्या चित्राला हा आवाज जुळला. वैष्णवीनं संकोचत विचारलं, तुम्हाला रागावल्यात ते काढायचं का?

"त्याला हात लावू नका," बलभीम म्हणाला. "आन् वर दुसरं गाणं चढवायचं न्हाय."

माहितीपट भूकंपानंतर वसवलेल्या नव्या गावात, शाळेच्या सभागृहात दाखवला. सुरुवातीला व्यासपीठावरून बलभीमचं नाव घेतलं, टाळ्या पडल्या. बायकोनं शेजारणीला ऐकू जाईल असं सांगितलं, टेप आमच्याच घरातल्या कपाटातली आहे. बलभीम छाती फुगवून अगदी पुढं उभा राहिला, ते खाली बसायचंच विसरला.

पडद्यावर हळद आली. इरम्मा गायली, थांबली आणि कडाडली. सगळं सभागृह त्याच्याकडे बघून हसलं. बलभीमनं मागं वळून पाहिलं. सिताबाई त्याच्या पाठीआडून मान उंच करून पडदा बघायला धडपडत होती.

"सरतो, मावशी," तो पडद्याकडे बघून म्हणाला आणि बाजूला झाला.