मागच्या दारावरचा हवालदार

अन्याय झाला तो कोडोलीच्या एका हवालदारावर. कोल्हापूर संस्थान विलीन झालं त्या उन्हाळ्यात, अक्षय तृतीयेच्या आदल्या दिवशी, सकाळी साडेदहा ते दुपारी तीन.

सरकारी गोदामावर एक पहारेकरी घ्यायचा होता, माजी सैनिकांतूनच. हवालदार ब्रह्मदेशातल्या लढाईवरून परतल्यापासून रिकामाच होता. अर्ज मी लिहून दिला होता. पहाटेच चालत निघून तो कोल्हापूरच्या कचेरीत आला. शिपायानं त्याला सांगितलं, "मागच्या दाराशी थांबा. बोलावल्याशिवाय हलायचं न्हाय."

नावं पुकारली पुढच्या व्हरांड्यात. मी फाटकावर चळवळीची पत्रकं वाटत होतो, मला पत्ताच नाही. आत आलो तेव्हा उचगावचा एक लंगडा सैनिक कारकुनापुढं उभा होता.

"सायब, हवालदार मागल्या दाराला हाईत. आणतो की बोलावून."

"तीनदा पुकारलं. गैरहजर! तुझं बोल. जागा पाहिजे का नको?"

लंगड्याच्या घरी दोन लहान मुली. तरी तो "अशी नको," म्हणाला आणि बाहेर पडला.

आम्ही दोघं मागं गेलो. हवालदार भिंतीसारखा ताठ, तोंडावर ऊन.

"चला हवालदारसाब, झालं सगळं," लंगडा म्हणाला.

"हुकूम आला?"

"न्हाय."

"मग कसा हलू?"

माझं डोकं फिरलं. "अहो, तुमचं नाव पुकारून गेलं! इथं पहारा कशाचा करताय, त्या झाडूचा?"

त्यानं कोपऱ्यातल्या झाडूकडं बघितलं. "सांगितला तर झाडूचाबी करायचा, पावणं."

लंगड्यानं काठी भिंतीला टेकवली, पाय जुळवले. "पहारा बदली, हवालदारसाब. आता माझी ड्यूटी."

हवालदारानं सलाम केला, तेव्हा कुठं पायरीवर बसला. पायताण काढलं तर पाय सुजलेले. लंगड्यानं आपली भाकरी मोडून अर्धी त्याच्या हातात दिली.

जागा तिसऱ्याच सैनिकाला मिळाली. त्याच्यावर माझा राग नाही, त्यालाही पोट आहे. पण हवालदाराच्या कागदावर 'गैरहजर' हा शेरा राहिला. त्यानंतर तीन कचेऱ्यांनी तो शेरा वाचून त्याला परत पाठवलं. मी भांडून भांडून थकलोय. शेरा खोडायला ओळखीच्या दोन शहरवासीयांच्या सह्या लागतात म्हणे. लंगड्याची सही चालत नाही, माझ्यासारख्या चळवळ्याची तर नाहीच. ज्यांच्याकडं गेलो ते म्हणतात, "आम्ही त्याला ओळखत नाही."

तुम्ही आता ओळखता. उद्या अकराला कचेरीत या आणि सही करा.